पाच आणे चार पै

आधीच सांगते, मला घराण्याचा इतिहास वगैरे शोधायचा नव्हता. गावाकडच्या रानातले चार गुंठे रस्ता रुंदीकरणात जाणार होते, मोबदल्याच्या फाईलला जुने उतारे लागणार होते, आणि वकिलांनी पप्पांना व्हॉट्सअ‍ॅपवर यादी पाठवली की १९३० पासूनचे सगळे सातबारे, फेरफार, वारस नोंदी आणा. पप्पांचे गुडघे गेलेत, भाऊ बंगळुरूला, म्हणजे उरले कोण तर मी. पुण्याहून सकाळी एसटीने निघायचं, तालुक्याला उतरायचं, नकलेचा अर्ज टाकायचा, चहा प्यायचा आणि 'पुढच्या आठवड्यात या' ऐकून परत यायचं, असं तीनदा झालं. तालुक्याचं नाव लिहीत नाही, कारण चौथ्या वेळी तिथल्याच एका मावशींनी मला गठ्ठा शोधून दिला आणि त्यांना त्रास नको.

रेकॉर्ड रूम म्हणजे काय असतं ते ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते. लोखंडी घोडे छतापर्यंत, त्यावर लाल कापडात बांधलेले गावनिहाय गठ्ठे, कापड मूळचं लाल होतं असं समजायचं, आणि एक वास, जुन्या कागदाचा नि डांबरगोळ्यांचा मिळून. कसर लागलेल्या पानांना कडेने चाळणीसारखी भोकं. कुणीतरी कधीतरी फाटकी पानं सेलोटेपने चिकटवलीत, आता टेप पिवळी पडून खालची अक्षरंच खाऊन टाकतेय. पान उलटायचं तर खालून तळहात देऊन उचलायचं, हे मावशींनी शिकवलं. बोटाला थुंकी लावलीस तर बाहेर काढीन, असंही त्यांनीच सांगितलं.

आता ऑनलाईन पण खूप मिळतं, 'आपले अभिलेख' नावाचं पोर्टल आहे त्यावर जुने सातबारे-फेरफार स्कॅन करून टाकलेत, तेव्हा आधी तिथे बघा, आमच्या गावाची नेमकी मला हवी ती वर्षं नव्हती म्हणून ही वारी. आणि माहितीच्या अधिकाराचा अर्जही टाकता येतो, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून, पण माझा अनुभव असा की समोरच्या माणसाला तुमचा सर्व्हे नंबर आणि फेरफार नंबर आयता दिला तर काम होतं, नुसतं 'आमच्या पणजोबांचं काहीतरी बघा' म्हटलं तर कुणीच काही बघत नाही, आणि का बघावं?

तर गठ्ठ्यातून फेरफाराची वही निघाली. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: सातबारा हा जमिनीचा आजचा फोटो आणि फेरफार म्हणजे गाव नमुना सहा, हा तिचा सिनेमा. कोण मेलं, कोणाचं नाव लागलं, कोणी विकलं, कोणी गहाण टाकलं, सगळं तारखेवार. मुंबई इलाख्यात हक्कनोंदीचा कायदा १९०३ चा, त्यामुळे आपल्याकडच्या गावांतून हे कागद साधारण तिथून पुढे सुरू होतात. त्यामागचं हवं असेल तर भूमी अभिलेखच्या ऑफिसात टिपण, गुणाकार बुकं, जुन्या मोजणीचे कागद असतात, त्यात शेताची लांबी-रुंदी साखळीने मोजलेली सापडते पण माणूस फारसा सापडत नाही.

आणि हा मुद्दा मला हळूहळू कळत गेला. सरकारने आपल्या माणसांची नोंद फारशी ठेवलीच नाही हो, सरकारने जमिनीची नोंद ठेवली, शेतसाऱ्यासाठी. माणसं त्यात वाटेत आली म्हणून सापडतात. मॉरिशसला उसाच्या मळ्यावर आपल्याकडून, रत्नागिरी वगैरे भागातूनही, जे गिरमिटिये, म्हणजे कराराने बांधलेले मजूर, गेले त्यांच्या नोंदवह्या मोका गावच्या महात्मा गांधी संस्थेत आहेत, त्यात नंबर, बापाचं नाव, गाव, उंची, अंगावरच्या खुणा, पुढे पुढे तर फोटोसुद्धा! कारण तिथे माणूस हाच माल होता. आमचे पणजोबा गावातच राहिले, त्यामुळे त्यांची उंची जगाला माहीत नाही, पण त्यांच्या बांधावर बाभळी किती होत्या ते मी सांगू शकते.

असो. मला हवा तो फेरफार सापडला आणि सातबाऱ्याशी ताडून बघताना एक गोष्ट खटकली. आमचा सर्व्हे नंबर सहा एकर बारा गुंठ्यांचा. घरात लहानपणापासून ऐकलेलं असं की पणजोबा आणि त्यांचा थोरला भाऊ, दोघंच. जमीन निम्मी निम्मी, तीन एकर सहा गुंठे प्रत्येकी. पुढचे सगळे कागद तसेच, आठ आणे, आठ आणे. पण १९१४ च्या वाटपाच्या नोंदीत पणजोबांच्या नावापुढे हिस्सा लिहिलाय पाच आणे चार पै.

पहिल्यांदा मला हे कळलंच नाही. शाळेत आणे-पै शिकवत नाहीत आता. मावशींनाच विचारलं, त्या म्हणाल्या सोळा आण्यांचा रुपया, बारा पैंचा आणा, बघ की भागून. मोबाईलवर भागलं. सोळा भागिले तीन.

तीन!

पप्पांना तिथूनच फोन लावला. "पप्पा, पणजोबांना भाऊ किती होते?" "एकच की. का गं?" "मग जमीन तिघांत का वाटलीय?" पप्पा म्हणाले लिहिणाऱ्याची चूक असेल, जुनी माणसं काहीही लिहायची. हे मला पटेना. ज्या माणसाने पै पर्यंत हिशेब लिहिला तो भावांची संख्या कशी चुकेल?

अडचण अशी की ती नोंद मोडीत. आकडे कळत होते, नावं नाही. मोडी ज्यांनी पाहिली नाही त्यांना सांगते, आधी पानभर आडवी रेघ मारतात आणि मग तिला अक्षरं लटकवत जातात, बोरू उचलायचाच नाही, शब्द कुठे संपला ते तुम्ही ओळखायचं, ह्रस्व-दीर्घाची पंचाईत नाही कारण तो भेदच नाही, आणि 'र' तर कुठे कोणत्या वेशात येईल याचा नेम नाही. सरकारी कामकाजातून ती साधारण १९५० च्या सुमाराला गेली, म्हणजे माझ्या आजोबांना येत होती, पप्पांना येत नाही, एका पिढीत घरातल्या कागदांना कुलूप लागलं. तालुक्याला एक निवृत्त गुरुजी बसतात मोडी वाचून द्यायला. २०२३ नंतर त्यांना श्वास घ्यायला फुरसत नाही, मराठा आरक्षणासाठी कुणबी नोंदी शोधायला न्यायमूर्ती शिंदे समिती नेमली आणि गावोगावची कोतवाल बुकं (जन्म-मृत्यूच्या वह्या), शाळेची रजिस्टरं धडाधड बाहेर निघाली, त्या रांगेत मीही उभी. पुढच्या बाकावरच्या एका काकांनी विचारलं, तुमची नोंद सापडली का? मी म्हटलं नोंद नको, माणूस हवाय. त्यांनी जरा सरकूनच घेतलं.

गुरुजींनी भिंग लावून एका दमात वाचलं. तीन भाऊ, तिघंही अमुक 'बिन' तमुक, म्हणजे तमक्याचा मुलगा अमुक, जुन्या कागदात हे उलटं वाचायचं असतं, बिनच्या नंतर बाप. मधला भाऊ, नाव स्वच्छ, हिस्सा पाच आणे चार पै, क्षेत्र दोन एकर चार गुंठे. आमच्या घरात ज्याचं नावच नव्हतं असा पणजोबा.

"पुढचा फेरफार बघा," गुरुजी म्हणाले, "माणूस नाहीसा झाला की फेरफार होतोच."

झाला होता. १९१९ ची नोंद. सदरहू इसम मयत, सबब त्याची विधवा बायको अमुक 'कोम' तमुक हिचे नाव दाखल. कोम म्हणजे बायको, आणखी काही कागदांत 'भ्रतार' लिहून पुढे नवऱ्याचं नाव असतं. माझ्या चुलत पणजीचं नाव असं पहिल्यांदा मी एका अनोळखी माणसाच्या तोंडून ऐकलं. ते इथे लिहीत नाही. घरातल्यांना विचारल्याशिवाय नको वाटतं.

आणि त्याच्या दोनच पानांपुढे, १९२१. सदर बाईने मौजे अमुक येथे पाट लावला सबब तिचे नाव कमी करून दीर दोघे यांची नावे समान हिश्श्याने दाखल. दोन आणे आठ पै, दोन आणे आठ पै. पाच आणे चार पै अधिक दोन आणे आठ पै बरोबर आठ आणे. हिशेब चोख. माझं निम्मं रान तिचं होतं असं नाही, पण एक एकर दोन गुंठे तरी तिच्याकडून आलं, आणि रस्त्यात जाणारे चार गुंठे त्याच बाजूचे.

पाट लावणं म्हणजे विधवेचं दुसरं लग्न, हे शेतकरी जातींत पूर्वापार चालत होतं. मग नाव कमी का? घरी येऊन वाचत बसले तर निघाला चक्क १८५६ चा विधवा पुनर्विवाहाचा कायदा. आपण शाळेत सुधारणा म्हणून पाच मार्कांना लिहायचो तोच. त्याच्या दुसऱ्या कलमात होतं की विधवेने पुन्हा लग्न केलं की पहिल्या नवऱ्याच्या मालमत्तेतला तिचा हक्क संपला, जणू ती मेलीच. ज्या जातींत विधवांना लग्नाची बंदी होती त्यांना कायद्याने काहीतरी दिलं. ज्यांच्यात आधीपासूनच पाट होता त्यांच्या बायकांना नवीन काय मिळालं? मुंबई हायकोर्टाने हे कलम पाट चालणाऱ्या जातींनाही लागू धरलं, अलाहाबादच्या हायकोर्टाने उलट मत धरलं होतं, म्हणजे हीच बाई गंगेकाठी जन्मली असती तर तिथल्या रिवाजाप्रमाणे कदाचित दोन एकर चार गुंठे घेऊन बसली असती. मी काही वकील नाही, आमच्या वकिलांना विचारलं तर ते म्हणाले मॅडम, तो विषय १९२१ लाच संपला, तुम्ही १९३० नंतरचं आणा.

मधला भाऊ कशाने गेला हे फेरफारात नसतं. त्यासाठी कोतवाल बुक, म्हणजे गाव नमुना चौदा, जन्म-मृत्यूची नोंद. हे पण मोडीत. गुरुजींना पुन्हा गाठलं. आम्ही १९१८ उघडलं आणि गुरुजी गप्प झाले. आमचं गाव लहान, एरवी महिन्याला दोन-तीन मृत्यू, एखाद्या महिन्यात एकही नाही. सप्टेंबरच्या शेवटापासून मात्र रोज. ऑक्टोबर तीन पानं. अक्षर आधी नीट, नावं ओळीत, मग घाईघाईचं, मग मध्येच हात बदललेला दिसतो, आणि मी गुरुजींना विचारलं की लिहिणारा पण गेला का? ते म्हणाले असू शकेल, कागद सांगत नाही. मृत्यूच्या कारणाच्या रकान्यात ताप. खाली ताप. खाली ताप. शेवटी शेवटी नुसती उभी रेघ ओढलीय, वरीलप्रमाणे. जूनमध्ये मुंबईत आलेला इन्फ्लुएंझा, दुसऱ्या लाटेत घाटावर पोचला, त्यात त्या वर्षी पाऊस नव्हता, देशभरात कोटीच्या वर माणसं गेली हे वाचलेलं होतं, पण ती रेघ बघेपर्यंत काही वाटलं नव्हतं. मधले पणजोबा त्या रेघेवर आहेत. वय २६. कारणाच्या जागी शब्दसुद्धा नाही.

मध्ये थोडं विषयांतर. या नादात मी गावच्या शाळेचं जनरल रजिस्टर पण बघून आले. आजोबांची जन्मतारीख १ जून. त्या पानावरच्या पोरांपैकी अर्ध्यांची १ जून, शाळा जूनला सुरू व्हायची, मास्तर पोराकडे बघून वर्ष ठरवायचे आणि तारीख एकच टाकायचे. त्यामुळे वंशावळीत १ जून दिसली की त्या तारखेवर विश्वास ठेवू नका, कोतवाल बुकातला जन्म खरा. फक्त तिथे मुलाचं नाव नसतं, बापाचं नाव आणि पुढे 'मुलगा' किंवा 'मुलगी', बारसं व्हायच्या आत नोंद झालेली ना. आजोबा आम्हाला आयुष्यभर सांगत आले की मी व्हर्नाक्युलर फायनल, म्हणजे त्या काळची सातवी, पास आहे. रजिस्टरात शाळा सोडल्याची इयत्ता तिसरी, कारण सतत गैरहजर. हे मी पप्पांना सांगितलं तर ते दहा मिनिटं हसत होते आणि मग म्हणाले, हे कुणाला सांगू नकोस.

पुण्यात कौन्सिल हॉलजवळ पुराभिलेखागार आहे, पेशवे दफ्तर म्हणतात ते, तिथेही गेले, जोशात. रुमालात बांधलेले मोडी कागद, इतिहासकार गो. स. सरदेसायांनी १९३० च्या दशकात निवडून पंचेचाळीस खंड छापले तरी समुद्रातली ओंजळच. तिथे सालं पण अशी लिहिलेली की इहिदे सबैन मया व अलफ, म्हणजे एक, सत्तर, शंभर, हजार, ११७१, त्यात ५९९ मिळवा की १७७० येतं, आणि महिना जानेवारी ते मे मधला असेल तर सहाशे, कारण साल मृगाला बदलतं. हे शिकताना मजा आली पण आमच्या घरचं काही मिळालं नाही. पाटील, कुलकर्णी, देशमुख, इनामदार असाल तर तुमचे वतनाचे तंटे तिथे रग्गड सापडतील. नांगर हाकणाऱ्याने तंटा केला तरी तो हुजुरापर्यंत कशाला जाईल? पुराभिलेखवाले मोडीचे वर्ग घेतात, भारत इतिहास संशोधक मंडळातही असतात, मी एक केला, आता अडखळत का होईना सातबाऱ्यापुरतं वाचते. ऑफिसातला एक मित्र बीडचा, त्याला मी मोठ्या तोऱ्यात म्हटलं चल तुझंही शोधू, तर त्याचे १९४८ च्या आधीचे कागद निजामाचे, उर्दूत, आणि त्याच्याकडे सगळे १९५४ च्या खासरा पत्रकालाच, म्हणजे तिकडच्या जमिनीच्या नोंदीलाच, देव मानतात. तिथे मी हात जोडले.

तर आत्या. पप्पांची मोठी बहीण, ऐंशीच्या पुढची, कराडला लेकाकडे असते. सगळे कागद घेऊन गेले, म्हटलं म्हातारीला धक्का बसेल, हळूच सांगावं. चहा झाल्यावर विषय काढला की आत्या, पणजोबांना मधला एक भाऊ होता, तुला ठाऊक होतं?

"मधला? मानमोडीत गेला त्यो?"

मी बघतच राहिले. मानमोडी म्हणजे तोच ताप, १९१८ चा, जुन्या माणसांचा शब्द. आत्याची आजी, म्हणजे माझी पणजी, आत्याच्या लग्नापर्यंत होती आणि ती सांगायची. सर्वपित्रीला घरात एक पान जास्त वाढलं जायचं ते त्याचं. मी म्हटलं अगं मग कधी बोलली का नाहीस? आत्या म्हणाली, "तुमी इचारलं कधी? तुज्या बापाला इचार, पान वाढताना ह्यो कुठं असायचा, इटीदांडू खेळाय."

आणि त्याची बायको?

आत्या थोडी थांबली. मग म्हणाली ती चांगली होती म्हणायची आमची म्हातारी, भाकरी मोठी थापायची. गेली ती. मूल नव्हतं. जाताना म्हातारीने, म्हणजे तिच्या धाकट्या जावेने, तिला लुगडं नेसवलं आणि वेशीपर्यंत घालवायला एकटी गेली, बाप्ये कुणी आले नाहीत. एवढंच. मी तारीख सांगितली, गाव सांगितलं, आत्याला गाव माहीत नव्हतं, फेरफाराला माहीत होतं. फेरफाराला लुगडं माहीत नव्हतं.

मी तिला नक्कल दाखवली. आत्याला वाचता येतं पण मोडी नाही, तिने नुसता हात फिरवला आणि विचारलं, अंगठा कुठाय तिचा? खरंच की. १९१४ च्या वाटपाला तिन्ही भावांच्या निशाण्या आहेत, १९१९ ला तिच्या नावाखाली अंगठ्याची निशाणी आहे, १९२१ ला, नाव कमी करताना, तिची काहीच निशाणी नाही. दिरांनी दिलेली वर्दी आणि सर्कल इन्स्पेक्टरची सही. मी तो कागद चार महिने बघत होते आणि हे मला दिसलं नव्हतं. आत्याला कसं दिसलं हे मी विचारलं नाही, कारण वकिलांच्या त्याच फाईलमध्ये आत्याचं पंचवीस वर्षांपूर्वीचं हक्कसोडपत्र आहे. तेच एक एकर दोन गुंठे, म्हणजे बेचाळीस गुंठे, तीन भावांत चौदा-चौदा झाले ते त्यामुळे. त्यावर मात्र तिची सही आहे, वळणदार, प्रत्येक पानावर.

फाईल जमा झाली एकदाची. वकिलांनी १९३० च्या आधीचे सगळे कागद मला परत दिले, म्हणाले ह्याचा उपयोग नाही, वजन वाढतं नुसतं.

आता मला ती पुढे कुठे गेली ते बघायचंय. गाव फेरफारात आहे, आमच्यापासून चौदा किलोमीटर, पण नव्या नवऱ्याचं नाव लिहिलेलं नाही, आणि तिला तिकडे पोरं झाली असतील तर जन्माच्या नोंदीत बापाचं नाव असणार, तिचं नाही. म्हणजे एकच जागा उरते, मृत्यूची नोंद, बाईचं नाव आणि पुढे नवरा. १९२१ पासून पुढे सगळी वर्षं, एकेक ओळ, त्या नावासाठी, आणि ते नाव इतकं साधं आहे की दर पाच पानांमागे सापडेल. गुरुजी म्हणाले वेडी आहेस, पण गुरुवारी ये, गुरुवारी गर्दी कमी असते.

हे फोनवर आत्याला सांगितलं तर म्हणाली मी पण येते. म्हटलं आत्या, तिथे बसायला धड बाक नाही, जिना उभा आहे. म्हणाली, खाली थांबीन की. डबा मीच आणते, तू तेवढं भिंग आण.